बटाटेराजांचा मांडव

फोरबर्ग, १९ फेब्रुवारी २००६

ताई,

पत्राच्या डोक्यावर साष्टांग नमस्कार घालायचा असतो, एवढं नववीपर्यंत मीही शिकलो. पण साष्टांग घालायला आधी आडवं पडावं लागतं आणि इथली जमीन सध्या इतकी गार आहे की कुत्रीसुद्धा बसत नाहीत. तेव्हा उभ्याउभ्याच वाच.

तुझं लग्न ठरल्याचं मला अरुणने सांगितलं. आपल्या ट्रकवरच्या अरुणने. गोदामातल्या फोनवर म्हणतो, "दिनूशेठ, अभिनंदन! बहीण राजविलासची सूनबाई होणार, आता तुम्हाला काय कमी!" मी म्हटलं, कसली सूनबाई? तर तोच गडबडला. मग तुझं पत्र आलं. सख्ख्या भावाला बातमी ड्रायव्हरकडून कळते, आणि वर तू लिहितेस, "दिनू, तू फोन का करत नाहीस?"

ऐक. घरचा फोन अण्णा उचलतात. "हॅलो, कोण?" म्हणतात. मी ठेवून देतो. तुझ्या मोबाईलवर केला तर तू रडत बसतेस आणि कार्ड संपतं. म्हणून पत्र. पत्रात रडलीस तरी मला ऐकू येत नाही.

निहारराजे जहागीरदार, राजविलास लॉन्सचे धाकटे मालक. वा. सगळ्या कराडात तुला दुसरा माणूस सापडला नाही? माणूस वाईट आहे असं मी म्हणत नाही. त्याच्याशी बोललोय कुठे मी? तो गाडीतून उतरायचा, गॉगल डोक्यावर सरकवायचा, आणि अण्णांना म्हणायचा, "मामा, ते डावीकडचं छत जरा झोल खातंय." मामा म्हणे! आपल्या ट्रकच्या फाळक्यावर 'वासुदेव मंडप कॉन्ट्रॅक्टर' असं पिवळ्या अक्षरात लिहिलं होतं. त्यावर ज्या दिवशी 'राजविलास लॉन्स' रंगवलं, त्याच दिवशी मी घरातून निघालो. अण्णांनी पोटकंत्राट घेतलं नव्हतं, स्वतःच्या नावावर ब्रश फिरवला होता. तू तेव्हा म्हणालीस, "अण्णा थकलेत रे, समजून घे." आता कळतंय तू काय समजून घेत होतीस.

असू दे. इथे पण एक लग्न निघालंय, त्याची गंमत सांगतो. म्हणजे तुला कळेल की खानदानी लोक जगभर एकाच साच्यातून काढतात.

इथल्या, म्हणजे हॉलंडच्या, राणीच्या लांबच्या नात्यातली एक राजकन्या आहे. इतकी लांबची की टीव्हीवर तिचं नाव सांगण्याआधी ती कुणाची कोण ते दोन वाक्यांत सांगावं लागतं. ती लग्न करत्येय एका बॅरनशी. बॅरन म्हणजे आपल्याकडचा सरदार समज. पाच-सहाशे वर्षांचं घराणं, दारावर सिंहाचं चिन्ह, आणि धंदा काय? गोठवलेले बटाटे. बटाट्याच्या काड्या कापायच्या, बर्फात घालायच्या आणि अर्ध्या युरोपातल्या टपऱ्यांना विकायच्या. मी त्याचं नाव बटाटेराजे ठेवलंय. आमच्या हरीशभाईला ते इतकं आवडलं की तो गोदामात एकटाच हसत बसतो.

हरीशभाई माझा मालक. जन्म सुरिनामचा, आजा कधी काळी बिहारातून ऊस तोडायला तिकडे गेलेला. हेगमधल्या त्यांच्या लोकांच्या लग्नांत तो मांडव सजवतो, आणि छताला कापडाच्या चुण्या पाडणारा माणूस पाहिजे म्हणून त्याने मला आणलं. ती राजकन्या मागे जयपुरात कुणाच्या लग्नाला गेली होती. तिथलं कापडी छत तिच्या मनात भरलं. म्हणून बटाटेराजांच्या मोठ्या तंबूवाल्या कंपनीने आतल्या कापडाचं काम हरीशभाईला दिलंय. म्हणजे तुझा भाऊ आता राजघराण्याचा पोटकंत्राटदार. हसू नकोस.

लग्नाला मी येणार नाही. तिकडे अक्षता टाकायला पुष्कळ हात आहेत.

दिनू

फोरबर्ग, ९ एप्रिल २००६

ताई,

पत्रिका मिळाली. कागद इतका जाड की पोस्टमनला वाटलं आत लाकूड आहे. वर सोनेरी छाप, खाली राजविलासचा पत्ता, आणि मध्ये आपलं घराणं. तीनदा वाचलं.

'श्री. वासुदेव रामचंद्र साळवी, उद्योजक.'

'चि. दिनकर, इव्हेंट मॅनेजर, नेदरलँड्स.'

अगं, काय हे? उद्योजक? अण्णांनी हा शब्द उभ्या जन्मात उच्चारलाय का? मांडववाला म्हटलं तर तुझ्या होणाऱ्या सासऱ्यांच्या, बाळासाहेब जहागीरदारांच्या, पंगतीतलं पाणी आटलं असतं का? आणि वर तू प्रेमाने लिहितेस, "दारात मांडव घालणार नाही, सगळं लॉनवरच आहे, तिथे लोखंडी कमानी कायमच्या आहेत, खड्डा खणायला जागाच नाही." म्हणजे मुहूर्तमेढसुद्धा नाही. अख्ख्या तालुक्यातल्या पोरींच्या दारात ज्यांनी मेढ रोवली, त्यांच्या पोरीच्या दारात मेढ नाही. आणि तू हे असं लिहितेस जसं काही पावसामुळे सहल रद्द झाली.

कुणी सांगितलं हे? बाळासाहेबांनी? का तुझ्या राजांनी? ट्रकपण त्या दिवशी लॉनपासून लांब उभा करायचा असेल. मागच्या गल्लीत.

मला हे बरोबर कळतं, कारण परवाच आम्ही बटाटेराजांच्या घरी माप घ्यायला गेलो होतो. घर म्हणजे किल्ला. भोवती पाणी, पाण्यात बदकं, आणि बदकंसुद्धा आपल्याकडे तुच्छतेने बघतात. समोर लांबच लांब हिरवळ. गेटवरच्या बाईने हरीशभाईला सांगितलं, सामानाची गाडी झुडपांच्या मागे लावायची, कामगारांनी मागच्या वाटेनं यायचं, पाहुण्यांच्या समोर निळे डगले घालून फिरायचं नाही. सगळं 'प्लीज' लावून सांगितलं. हरीशभाई तिला 'या, या' करत, म्हणजे यांच्या भाषेत 'हो, हो', मान हलवत होता. बाहेर आल्यावर मला म्हणतो, "देखा? गाली भी दी तो फूल लगा के."

जेवण काय दिलं असेल? दोन पाव, मध्ये चीजची एक चकती, आणि ग्लासभर ताक. ताकात मीठ नाही, जिरं नाही, काही नाही. सहाशे वर्षांचं घराणं, आणि पाहुण्याला अळणी ताक! तिथे एक म्हातारा सुतार होता, त्याला मी खुणेनंच विचारलं, एवढंच? तो मोडक्या इंग्रजीत म्हणाला, हो, लग्नाच्या दिवशीही कॉफीबरोबर एकच बिस्कीट मिळेल, डबा लगेच बंद होतो.

बटाटेराजे स्वतः आले होते. उंच, गोरे, पाठीत किंचित वाकलेले, कोपरावर फाटका स्वेटर. इथल्या श्रीमंताची ती खूण, फाटकं घालायचं. हातात फोन. माझ्याकडे बघून म्हणाले, "इंडिया! वंडरफुल पीपल." मग फोनवर बटाट्याच्या ट्रकबद्दल कुणाला तरी झापलं. मला एकदम तुझे राजे आठवले, गॉगलसकट.

आता खरी गंमत. इथे राजघराण्यातल्या माणसाला लग्न करायचं तर संसदेची परवानगी लागते. म्हणजे ज्याला सिंहासनाच्या रांगेत राहायचंय त्याला. नाही विचारलं तरी लग्न होतं, फक्त रांगेतून नाव कटतं. तर आपल्या राजकन्येने विचारलंच नाही. झालं! पेपरात, टीव्हीवर, दुकानात बायका गहिवरल्यात. 'प्रेमासाठी सिंहासनावर पाणी सोडलं!' हरीशभाईची बायको डोळे पुसत होती. तो तिला म्हणतो, "अरी, उसके आगे लाइन कितनी लंबी थी! टपकते-टपकते सब टपक जाते, तब नंबर आता."

तर बघ, तिने जे कधी मिळणारच नव्हतं ते सोडलं, आणि लोक तिची आरती करतायत. तू काय सोडत्येस? तू तुझ्या बापाचं नाव सोडत्येस, आणि ते तर तुझ्या हातात होतं.

पाडव्याला इथल्या मराठी मंडळींनी मला बोलावलं होतं. गुढीची काठी कुणाला सरळ उभी करता येईना, तेव्हा कुणाला तरी मी आठवलो. पुण्याचे शिरीष आणि सलोनी, स्लोटरडाइक म्हणून काचेच्या इमारतींचा भाग आहे, तिथे दोघांची ऑफिसं. शिरीषने विचारलं, "तू कुठल्या कंपनीत?" म्हटलं, तंबूत. तो म्हणाला, "ओह, स्टार्टअप आहे का?" मी म्हटलं, हो, वारा आला की स्टार्ट, आणि अप. त्याला कळलं नाही. पत्रिका दाखवली तर म्हणाला, "अरे, मग बरोबरच आहे की. सीव्हीवर सगळे असंच लिहितात. काय बिघडतं?" सगळ्यांना वाटतं काय बिघडतं.

अण्णांच्या जागी उद्योजक बसवा, माझ्या जागी मॅनेजर बसवा. दोन भाड्याची माणसं मिळतील, कपडेही चांगले असतील. मी येत नाही. तुला दुसऱ्यांदा लिहितोय.

दिनू

फोरबर्ग, ४ मे २००६

ताई,

तुझं उत्तर नाही. रागावली असशील. रागाव.

आज एक प्रकार झाला तो लिहितो, कारण हरीशभाईचा तो सगळ्या गोदामात सांगून झालाय आणि तुझ्यापर्यंत अरुणच्या तोंडून पोचायला नको. तू हसशील.

आज बटाटेराजांच्या हिरवळीवर तंबू चढवायला सुरुवात झाली. यांचा मांडव आपल्यासारखा नाही. खड्डा नाही, काही नाही. अॅल्युमिनिअमचे खांब, खाली लोखंडी पाटे, बाजूला लांब खिळे, वर पांढरं प्लास्टिक. खांब जमिनीत जातच नाही, जमिनीवर उभा राहतो. पाहुणा जसा, उद्या निघाला तर खूणसुद्धा नको. त्यांना हिरवळीची फार काळजी. त्या गेटवरच्या बाईने पहिल्यांदाच सांगितलं होतं, हे गवत दीडशे वर्षांचं आहे.

सकाळी सगळे कॉफी प्यायला गेले. मी मागे राहिलो, कापडाच्या गुंडाळ्या मोजायच्या होत्या. आणि मला काय झालं कुणास ठाऊक. गाडीत एक जुनी लाकडी खुंटी होती, कमरेएवढी. कुदळ होती. मी कोपऱ्यात, जिथे पहिला खांब यायचा तिथे, खड्डा खणला. चांगला हातभर. तिथल्याच कुठल्याशा झाडाची डहाळी तोडली, आंब्याची कुठून येणार? खुंटीला बांधली. हरीशभाईच्या सामानात हळद-कुंकवाच्या पुड्या असतातच, त्या लावल्या. सुपारी होती ती खड्ड्यात टाकली. आणि खुंटी रोवून माती दाबली. पायाने नाही, हाताने.

सवय गं. मेढ रोवल्याशिवाय आपला हात पुढचा बांबू उचलत नाही. एवढंच.

मग गेटवरची बाई आली. ताई, तिचा आवाज. बदकं उडाली. 'ग्रास! ग्रास!' एवढंच मला समजत होतं. बाकीचे धावत आले. हरीशभाई आला, खुंटीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, कपाळाला हात लावला. "ई का कइले, दिनकर? राजा के आँगन में गड्ढा?"

तेवढ्यात राजकन्या आली. खरीखुरी. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, हातात कुत्र्याचा पट्टा, केस बांधलेले रबराने. शेतावर कामाला निघाल्यासारखी. तिने विचारलं, हे काय आहे? हरीशभाईने डच भाषेत सांगितलं, बाईसाहेब, आमच्याकडे लग्नाचा पहिला खांब असा रोवतात, मुलीचा बाप रोवतो, मग मांडव चढतो. ती वाकून डहाळीला हात लावून बघत होती. कुत्रंही हुंगून गेलं.

मागोमाग बटाटेराजे. त्यांना सांगितल्यावर ते उडालेच. "फँटॅस्टिक! सो ऑथेंटिक!" लगेच फोटोवाल्याला फोन. खुंटी तशीच राहू द्या, लग्नाच्या दिवशी आम्ही दोघं तिच्याजवळ उभे राहू, हळद-कुंकू जरा जास्त लावा, फोटोत दिसलं पाहिजे. गेटवरची बाईही मान हलवायला लागली. दीडशे वर्षांचं गवत गेलं चुलीत.

मी पुढे झालो आणि खुंटी उपटली. सुपारीसकट. खड्ड्यात माती लोटली, गवताचा तुकडा वर बसवला आणि थापटला. बटाटेराजे 'नो, नो' करत होते. हरीशभाई माझा दंड धरून ओढत होता, "काहे निकाला? साहब को पसंद है!"

मी म्हटलं, "उनकी शादी का नहीं है वो."

"तो किसकी शादी का है?"

मी म्हटलं, किसी का नहीं. कापडाच्या गुंडाळ्या उचलल्या आणि कामाला लागलो. दुपारपर्यंत माझ्याशी कुणी बोललं नाही, त्यामुळे काम भरपूर झालं.

आता हस.

तुझं लग्न अठ्ठावीसला ना? म्हणजे याच महिन्यात. असो. तुमच्या लॉनवर काँक्रीट आहे.

दिनू

फोरबर्ग, १४ मे २००६

ताई,

काल बटाटेराजांचं लग्न झालं आणि कालच तुझं पत्र हातात पडलं. सकाळी निघताना हरीशभाईच्या बायकोने दिलं. म्हटलं दुपारी वाचू. मला वाटलं, एप्रिलच्या पत्राला शिव्या असतील.

आधी लग्न सांगतो. मग तुझं.

इथे आधी नगरपालिकेत सही करावी लागते, मग चर्च. त्या सहीशिवाय चर्चवालेसुद्धा हात लावत नाहीत. राजकन्या असो नाहीतर कोळीण, कारकुनासमोर उभं राहायचं. एवढी एकच गोष्ट मला यांची पटली. मग घोड्याची बग्गी. रस्त्याकडेला लोक, डोक्याला नारिंगी कागदी मुकुट, हातात झेंडे. कुणाला नाव नीट माहीत नाही, पण हात हलवतायत. माझ्या शेजारचा म्हातारा सुतार म्हणाला, मी हिच्या आत्तेच्या लग्नालाही हात हलवला होता, ती मला काय ओळखते?

पाहुण्या बायकांच्या टोप्या बघायला पाहिजे होत्यास. एकीच्या डोक्यावर अख्खं घरटं. वारा सुटला की सगळ्या एका हाताने टोपी धरतात, दुसऱ्या हातात ग्लास, मग खाणार कशाने? आणि खायला काय, तळलेले गोळे, आत गरम लापशी, तोंड भाजतं. बटाट्याच्या काड्या मात्र कुठेही नव्हत्या. ज्या धंद्यावर हा सगळा थाट, तो धंदा ताटात दिसायला नको! मी हरीशभाईला म्हटलं, भाई, यांच्या पत्रिकेतही 'उद्योजक' लिहिलं असेल.

आम्हाला पाहुण्यांसमोर यायची बंदी. पडद्यामागे, वायरींच्या पेट्यांवर बसून राहायचं, काही निसटलं तर धावायचं. छत सुंदर दिसत होतं, हे मी माझं म्हणून सांगत नाही. तिथे बसून तुझं पत्र उघडलं.

तू लिहिलंस, "दिनू, उद्योजक जहागीरदारांनी लिहिलं नाही, मीही नाही. प्रेसवाल्याला अण्णांनी स्वतः सांगितलं."

तिथपर्यंत ठीक होतं. मला वाटलं, लाजले असतील, दबावाखाली असतील. पुढे वाचलं. निहार स्वतः घरी येऊन म्हणाला होता, अण्णा, दारात मांडव तुमच्याच हातचा घाला, मेढ तुमच्याच हातची, लॉन राहू द्या बाजूला. आणि अण्णा नाही म्हणाले. त्यांचं बोलणं तू जसंच्या तसं लिहिलंयस. ते मी परत इथे लिहितो, कारण काल ते वाचून झाल्यावर मला पत्र खिशात ठेवता येईना.

"आयुष्यभर दुसऱ्याच्या लग्नात दोर धरून उभा राहिलो. लोक जेवून पान खाऊन घरी जायचे, मी मांडव उतरवायला थांबायचो. एकाही लग्नात मी बसलेलो नाही, माझ्या स्वतःच्या सुद्धा नाही, छत फाटलं म्हणून बोहल्यावरून उठलो होतो. माझ्या पोरीच्या लग्नात मला पहिल्या रांगेत खुर्चीवर बसायचंय. कुणीतरी येऊन मला पाणी विचारावं. मेढ रोवली की मी तिथला कामगार झालो. मला यावेळी बाप व्हायचंय."

आणि माझं 'इव्हेंट मॅनेजर'? तू विचारलंस, अण्णा, हे कशाला? तर म्हणाले, "तो तिकडे काय करतो ते त्याने मला सांगितलं नाही. फोन उचलला की ठेवतो. मग मी मला आवडेल ते लिहिलं."

म्हणजे त्यांना माहीत होतं, फोनवर कोण असतं ते.

पडद्याच्या फटीतून राजकन्येचा बाप दिसत होता. पहिल्या रांगेत, काठीवर हनुवटी टेकून झोपला होता. बटाटेराजे भाषण करत होते आणि मध्येच रडले. लोक टाळ्या वाजवत होते. माझ्या शेजारी हरीशभाई म्हणाला, "क्या हुआ? घर से खबर?" म्हटलं, काही नाही, धूळ. तो म्हणाला, "हालंड में धूल?" आणि मग तोंड पलीकडे करून छत बघत बसला. माणूस समजूतदार आहे.

ताई, तुला काय लिहू? गेले तीन महिने मी जहागीरदारांना शिव्या देत होतो. आता त्या शिव्या परत घ्याव्यात तर त्या माणसाच्या गॉगलमुळे जीभ वळत नाही. पण निहारने घरी येऊन विचारलं हे तू आधी का नाही लिहिलंस? का लिहिलंस तरी मी वाचलं नसतं म्हणून? बरोबर. वाचलं नसतं.

चार तारखेचं माझं पत्र, खड्ड्याचं, वाटेत असेल. ते अण्णांना दाखवू नकोस. त्यांना खड्डा कुठे खणला, किती खोल, माती कशी होती, हे सगळं विचारत बसावंसं वाटेल आणि त्यांना या वेळी तसलं काही विचारायचं नाहीये.

हरीशभाईला सुट्टी मागितलीय. तो म्हणाला, "जा. लेकिन मैनेजर जैसा दिख के जा." अरुणने त्याला सांगितलंय की काय!

दिनू

फोरबर्ग, १६ मे २००६

अण्णा,

ताईच्या पत्रांत तुमच्यासाठी एक ओळही मी आजवर लिहिली नाही. आता लिहायला बसलो तर काय घालायचं तेच सुचत नाही. तुम्ही पत्र लिहिता ते फक्त बांबूवाल्याला, 'माल बरा पाठवावा' एवढंच. मीही तसंच लिहितो.

मी येतोय. हे पत्र तुमच्या हातात पडण्याआधी मीच दारात असेन बहुतेक. मग वाचू नका, मी समोर बसून सांगेन. नाही आलं सांगता तर वाचा.

मी इथे कापडाचं काम करतो. छताला चुण्या पाडतो, तुम्ही पाडायचात तशाच, फक्त शिडी चांगली आहे. परवा राणीच्या नात्यातल्या एका मुलीच्या लग्नाचं छत केलं. पेपरात फोटो आलाय, त्यात नवरानवरी आहेत, टोप्या आहेत, वर अर्धा हात माझं कापड आहे. तो फोटो कापून आणतो. वरचा अर्धा हात फक्त.

पत्रिकेवर तुम्ही माझ्यापुढे जे लिहिलंय ते असू द्या. बदलू नका. मी कोट घेतलाय. बाह्या जरा लांब आहेत, पण मॅनेजरच्या असतात म्हणे. कुणी विचारलंच तर इव्हेंट म्हणजे काय ते मी सांगेन, इथली माणसं बघून शिकलोय, दहा शब्दांत काहीच न सांगणं. खोटं बोलायचंच तर नीट बोलू. निहाररावांनाही मी नमस्कार करेन. गॉगल काढला तर.

ट्रक मात्र अरुणला गेटसमोरच लावायला सांगा. त्याच्यावर कुणाचं नाव आहे ते मला आता चालेल.

तुमच्या शेजारची खुर्ची माझ्यासाठी धरून ठेवा. पहिल्या रांगेतली. बाळासाहेब बसायला आले तर सांगा, माझा मुलगा येतोय, मॅनेजर आहे. पाणी घेऊन पोरं फिरतील तेव्हा तुम्ही हात वर करू नका, त्यांनी तुमच्याकडे यायला हवं. आलं नाही तर मी बघतो.

आणि एक, अण्णा. राजविलासची पोरं छताच्या गाठी कशा मारतात ते तुम्हालाही माहीत आहे, मलाही. मेच्या शेवटी संध्याकाळी वारा सुटतोच. कुठेतरी कापड फडफडेल, कुठली तरी दोरी सैल होईल. होऊ दे. तिथे माणसं ठेवलेली असतील, ती धावतील.

खुर्चीवर बसल्यावर वर बघू नका. मीही बघणार नाही.

दिनकर